आवाज येण्याआधी

गेल्या दिवाळीत पुण्याला बहिणीकडे चार दिवस राहायला गेले होते. माझी जुनी पुस्तकं तिच्या माळ्यावर दोन खोक्यांत पडून आहेत आणि ती एकदा बघून घे, असं ती तीन वर्षं म्हणते आहे. पाडव्याच्या दुपारी सगळे जेवून आडवे झाल्यावर मी एक खोकं खाली काढलं. वह्या, कांजींचे, म्हणजे जपानी चित्रलिपीतल्या अक्षरांचे, हातानं केलेले पत्ते, आजीची दोन आंतरदेशीय पत्रं, पाठ निघालेला शब्दकोश, आणि सगळ्यात तळाशी तळहातापेक्षा जरा मोठं, कडा पिवळ्या पडलेलं एक जपानी पुस्तक. कव्हरवर लांडग्याचे कान आणि शेपूट असलेली मुलगी. भाची शेजारीच फोन घेऊन लोळत होती. तिनं मान वळवली आणि ओरडलीच, “होलो!” तिच्या कॉलेजच्या सॅकला याच मुलीची कीचेन लटकते, आणि अभ्यासाच्या टेबलावर वीतभर उंचीची फिगर, म्हणजे मूर्ती आहे. होलोची २०२४ सालची अ‍ॅनिमे, म्हणजे जपानी कार्टून सिरीज, भाचीची दोनदा बघून झाली आहे. तिनं पुस्तक उलटसुलट केलं, नाकाशी नेऊन वास घेतला, रंगीत पानं शोधली आणि विचारलं, “हे सिरीजवरून काढलंय ना?” मी म्हटलं, “नाही गं, सिरीज यावरून काढली. हे मी २००७ साली वाचलं. तेव्हा पहिलीसुद्धा सिरीज यायची होती.” ती क्षणभर माझ्याकडे बघत राहिली. “म्हणजे तू आवाजाशिवाय वाचलंस? मग मावशी, तुझ्या डोक्यात तेव्हा तिचा आवाज कसा होता?”

मी सांगायला तोंड उघडलं, आणि कानात होलोला आवाज देणाऱ्या आमि कोशिमिझुचाच आवाज आला. खालच्या पट्टीतला, वाक्याच्या शेवटी हसू दडवून ठेवणारा. सिरीजमधला. भाचीला माहीत असलेला.

त्याच्या आधीचा काही केल्या आठवेना.

२००७ साली मी रानडे इन्स्टिट्यूटमध्ये संध्याकाळच्या वर्गाला जपानी शिकत होते. डिसेंबरातली परीक्षा डोक्यावर होती. तेव्हा तिच्या पातळ्या चारच होत्या आणि मी तिसरीला बसणार होते. वर्गातली एक सीनियर कंपनीच्या ट्रेनिंगवरून परत आली, तिनं सगळ्यांना चॉकलेटं वाटली आणि माझ्या हातात हे ठेवलं. “शाळकरी मुलं वाचतात, अवघड कांजींच्या बाजूला उच्चार छापलेत, तुला जमेल.” ‘ओओकामी तो कोशिनऱ्यो’, म्हणजे लांडगा आणि मसाला. लेखक इसुना हासेकुरा, चित्रं जू आयाकुरा यांची. मला जमलं, पण दिवसाला एक पान या गतीनं. उभ्या ओळी, वरून खाली, उजवीकडून डावीकडे. एका हातात शब्दकोश, दुसऱ्या हातात पेन्सिल, आणि ओळ सुटू नये म्हणून खाली धरलेलं बसचं तिकीट. त्यात होरोची भाषा. (मी होरो म्हणते, कारण जपानी अक्षरांत मला तेच वाचता येतं. परदेशात तिचं नाव होलो असं लिहिलं जातं आणि भाचीची पिढी तेच म्हणते.) होरो स्वतःला ‘वाच्ची’ म्हणते आणि समोरच्याला ‘नुशी’. आम्हाला वर्गात ‘वाताशी’ आणि ‘आनाता’ शिकवलेलं. मला आधी छपाईची चूक वाटली. पण ती चूक पानोपानी दिसायला लागली तेव्हा सरांकडे गेले. त्यांनी चष्मा वर करून पान वाचलं आणि सांगितलं, की ही एदो काळातल्या, म्हणजे दोनेकशे वर्षांपूर्वीच्या, कलावंतिणींच्या वस्तीतल्या बोलीची छटा आहे, आज असं कुणी बोलत नाही, पेपरात चुकूनही लिहू नकोस.

गोष्ट मात्र मला लगेच आवडली होती, आणि आवडण्याचं कारण अगदी व्यवहारी होतं. त्यात तलवारी नव्हत्या. लॉरेन्स नावाचा पंचविशीतला फिरता व्यापारी, त्याची घोडागाडी, आणि त्या गाडीत येऊन बसलेली, गव्हात राहणारी, पिकाची देवता मानली गेलेली, शेकडो वर्षं वयाची लांडगी, होरो. दोघं गावोगाव माल विकत उत्तरेकडे निघालेत, तिला घरी जायचं आहे. नाण्यातलं चांदीचं प्रमाण बदलणार अशी कुजबुज आणि त्यावरून रंगलेला डाव हाच पहिल्या खंडाचा कणा. एका प्रसंगात लॉरेन्स फरची कातडी विकायला जातो. भाव ठरत आलेला असतो आणि होरो मधेच सांगते, या मालाला फळांचा वास येतो, हुंगून बघा. येतोच, कारण वाटेत तो माल सफरचंदांच्या संगतीत होता. भाव वाढतो. मी ते पान चार दिवस वाचत होते. प्रत्येक शब्द शोधल्यामुळे ते सफरचंद, ते केस, तो व्यापाऱ्याचा वाकलेला चेहरा माझ्यासमोर इतका हळूहळू उभा राहिला, की आजही ती खोली मला आतून माहीत असल्यासारखी वाटते. मंडईत फळांच्या गाळ्यांवरून जाताना कधीकधी ते पान आठवतं.

चित्रं दिसायची, वास यायचा. मग आवाजच कसा नव्हता?

पुढे जपानला आल्यावर कळलं, की जे पुस्तक मला एकट्यानं वाचायची खाजगी वस्तू वाटलं होतं, ते जन्मतःच बरंच काही व्हायला निघालेलं असतं. हासेकुरा यांच्या हस्तलिखिताला देंगेकी कादंबरी पुरस्कारात रौप्यपदक मिळालं आणि २००६च्या फेब्रुवारीत पहिला खंड आला. अशा स्पर्धा प्रकाशनसंस्थाच भरवतात. हस्तलिखित निवडलं गेलं की संपादक त्याच्यासाठी चित्रकार शोधतो. पुष्कळदा लेखकाला आपल्या नायिकेचा चेहरा त्या चित्रातच पहिल्यांदा भेटतो. बुन्को म्हणजे तिकडचं खिशात मावणारं पुस्तक. आत शिरताच दोन-चार चकचकीत रंगीत पानं, मग मजकुरात अधूनमधून काळीपांढरी चित्रं. हे चित्र म्हणजे सजावट नव्हे, तो पुस्तकाचाच एक अवयव. २००९ साली अमेरिकेत याच पहिल्या खंडाचा इंग्रजी अनुवाद निघाला, तेव्हा कव्हरवर आयाकुरांच्या चित्राऐवजी एका मॉडेलचं छायाचित्र घातलं होतं. हेतू बहुधा चांगला असेल, गंभीर कादंबऱ्या वाचणाऱ्यांच्या हाती ते पडावं असा. वाचक खवळले. मला त्यांचा राग पटला. ते चित्र काढून घेतलं की होरो कुठलीही बाई होते. आणि एकदा चेहरा ठरला, की मांगा, म्हणजे चित्रकथा काढणारा, मूर्ती घडवणारा, अ‍ॅनिमेशनची रेघ ओढणारा, सगळे त्या एका चेहऱ्याकडे बघून काम करू शकतात. म्हणजे कव्हर छापलं जातं त्या दिवशीच पुढच्या सगळ्या वाटा उघडतात.

हे तंत्र काही या पुस्तकांपासून सुरू झालं नाही. १९७६ साली हारुकी काडोकावा यांनी आपल्या प्रकाशनाच्या रहस्यकादंबरीवर स्वतःच चित्रपट काढला, आणि सिनेमा, गाणं, दुकानातला पुस्तकांचा ढीग, हे सगळं एकाच वेळी लोकांपुढे आणलं. त्यांच्या जाहिरातींतली एक ओळ जपानी माणसाला आजही पाठ असते: वाचून मग बघायचं, की बघून मग वाचायचं? मी ती ओळ पहिल्यांदा ऐकली तेव्हा नुसती चटपटीत वाटली होती. आता तिच्याकडे बघताना वाटतं, की विचारणाऱ्याला दोन्ही उत्तरं सारखीच चालणार होती, दोन्हीकडे तिकीट आणि पुस्तक खपणारच होतं. ज्याला फरक पडतो तो वाचणारा. वाचून बघणाऱ्याच्या डोक्यातलं काहीतरी जातं, बघून वाचणाऱ्याच्या डोक्यात ते कधी तयारच होत नाही. भाचीनं मला विचारलेला प्रश्न हाच होता, फक्त तिनं तो उत्तराची खरोखर गरज असल्यासारखा विचारला.

पहिली सिरीज २००८च्या जानेवारीत आली. मैत्रिणीच्या लॅपटॉपवर आम्ही तिघी जणी पहिला भाग बघायला बसलो. पंख्याची घरघर, शेजारच्यांचा कुकर, आणि नात्सुमी कियोउरा यांनी गायलेलं सुरुवातीचं गाणं. मग होरो बोलली. तो क्षण मला स्वच्छ आठवतो, कारण मला एकदम मोकळं वाटलं होतं. शब्दकोश नको, तिकीट नको, वाक्य संपायची वाट बघायला नको. ती बोलत होती आणि मला कळत होतं! परीक्षा नुकतीच झाली होती, आणि तिच्या निकालापेक्षा त्या वीस मिनिटांनी मला जास्त धीर दिला. काही गेल्याची जाणीव तेव्हा नावालाही नव्हती. आनंदात माणूस घरातून काय बाहेर गेलं ते मोजत नाही.

२००९ साली दुसरी सिरीज आली, त्यात तिसरा आणि पाचवा खंड घेतला आणि चौथा वगळला. मी २०१० साली कामासाठी तोक्योला आले, निशिकासाईत भाड्याची खोली घेतली आणि पहिल्याच पगारातून राहिलेले खंड आणले. चौथ्या खंडाबद्दल मला फार उत्सुकता होती. त्याला कुणी आवाज दिला नव्हता, तो भाग पडद्यावर गेलाच नव्हता. म्हणजे तिथे मला माझी जुनी होरो भेटायला हवी होती. भेटली नाही. पहिल्या संवादापासून कोशिमिझुच बोलत होती, त्यांनी कधी न बोललेली वाक्यं, त्यांच्याच चालीत, हसू दडवून. लॉरेन्स जुन फुकुयामांच्या आवाजात सुस्कारे टाकत होता. मी पुस्तक मिटून थोडा वेळ खिडकीबाहेर बघत बसले. सिरीज संपून वर्ष झालं होतं, पण ती माझ्यामध्ये चालूच होती.

तोक्योत माझा रविवार पुस्तकांच्या दुकानांत जायचा. तिथे पुस्तकाला खाली एक कागदी पट्टा गुंडाळलेला असतो, त्याला ‘ओबी’ म्हणतात, किमोनोच्या कमरपट्ट्याचं नाव. पट्ट्यावर दुसऱ्या लेखकाची शिफारस असते, पुरस्काराचं नाव असतं, आणि सगळ्यात ठसठशीत अक्षरांत जे असावं असं प्रत्येक नव्या लेखकाला वाटत असेल ते असतं: अ‍ॅनिमे होणार, ठरलं! तो पट्टा चढला की जुना पहिला खंड पुन्हा दर्शनी टेबलावर येतो. दुकान-दुकान आपली वेगळी चार पानी छोटी कथा पुस्तकासोबत देतं आणि ती मिळवायला काही जण एकच खंड तीन दुकानांतून घेतात. माझ्या ऑफिसातली एक शांत बाई असं करायची. तिला विचारलं तर म्हणाली, “कथा तिन्ही वेगळ्या असतात ना.” त्यात मला वेड दिसलं नाही. आपल्या माणसाची तीन पत्रं तीन पत्त्यांवर आली, तर आपणही तिन्ही आणायला जाऊच.

पण त्याच पुस्तकांचं दुसरं टोक मी जुन्या पुस्तकांच्या दुकानात बघितलं. शंभर येनच्या कपाटात एकाच मालिकेचे पहिले खंड अकरा, दुसरे चार, पाचवा एक, आणि पुढे काही नाही. पट्टे अजून तसेच. अ‍ॅनिमे होणार, ठरलं. ती झालीही असणार, बारा-तेरा भागांची, रात्री उशिराच्या वेळेत. बारा भागांत साधारण तीन-चार खंड मावतात, गोष्ट जिथे असेल तिथे थांबते. पुढचं पुस्तकात वाचा. त्यासाठीच तर सिरीज काढलेली असते. सिरीजमागे एक ‘निर्मिती समिती’ असते. प्रकाशक, दूरचित्रवाहिनी, संगीत कंपनी, खेळणी करणारे, प्रत्येकाचा पैशाचा वाटा आणि तोट्याचीही वाटणी. कुणा एकाचं घर बुडू नये यासाठीची ही व्यवस्था शहाणपणाची आहे, हे मला कळतं. पण चित्रं काढणारा स्टुडिओ पुष्कळदा ठरलेली रक्कम घेऊन बाजूला होतो आणि यश मिळालं तर वाटेकऱ्यांत त्याचं नाव नसतं, हे मला कधीच रुचलेलं नाही. लेखकाचं तर त्याहून विचित्र. त्याची गोष्ट संपवायची की नाही हे ती कशी आहे यावर नाही, पाचवा खंड किती खपला यावर ठरतं. त्या कपाटासमोर उभं राहून मी एकदा एका अनोळखी मालिकेचा एकटाच असलेला पाचवा खंड विकत घेतला. वाचला नाही. तो तिथे ठेवून निघवेना, एवढंच.

याच्या उलट ओझंही असतं. नागारु तानिगावा यांची सुझुमिया हारुही २००३ साली पुस्तकात आली, नोइजी इतो यांच्या चित्रांसह. २००६ साली क्योतो अ‍ॅनिमेशननं तिची सिरीज केली, भाग मुद्दाम उलटसुलट क्रमानं दाखवले, शेवटच्या गाण्यावरचा नाच जगभरची पोरं चौकाचौकांत नाचली. मी एकदा कामासाठी ओसाकाला गेले असताना वाट वाकडी करून निशिनोमियाला उतरले, कारण गोष्टीतलं गाव तेच. कोयोएन स्टेशनपासून वर चढत जाणारा रस्ता, दोन्ही बाजूंना नीटनेटकी घरं, आणि चढाला वैतागणारा कथेतला निवेदक माझ्याबरोबर चाललेला. वाटेत एक आजोबा झाडांना पाणी घालत होते. त्यांनी माझ्याकडे बघून मान हलवली, असे चढणारे त्यांनी खूप पाहिले असावेत. वर जाऊन मी समुद्राकडे बघितलं आणि मला तानिगावांचा विचार आला. त्यांचा नववा खंड २००७चा. त्यानंतर चार वर्षांनी दोन आले, मग नऊ वर्षं काही नाही, आणि २०२०च्या नोव्हेंबरात पुढचा. या मधल्या वर्षांत नाच चालू होता, मूर्ती घडत होत्या, माझ्यासारखे लोक चढ चढत होते. एका माणसानं टेबलापाशी बसून लिहिलेलं वाक्य इतक्या लोकांच्या अंगात गेल्यावर त्याला पुढचं वाक्य कुठल्या शांततेत सुचत असेल?

हल्लीच्या गोष्टी बहुधा स्पर्धेतून नाही, इंटरनेटवरून येतात. २००४ साली सुरू झालेल्या एका संकेतस्थळाचं नावच आहे ‘शोसेत्सुका नि नारो’, चला कादंबरीकार होऊ या. कुणीही लिहावं, कुणीही फुकट वाचावं. रेकी कावाहारा यांनी ‘स्वोर्ड आर्ट ऑनलाइन’ स्पर्धेसाठी लिहिली, ती पानांच्या मर्यादेत बसेना, म्हणून त्यांनी ती स्वतःच्या जागेवर टाकली. वेगळ्या कादंबरीला पुरस्कार मिळाल्यावर २००९ साली ती पुस्तकात आली, आणि २०१२ साली पडद्यावर. नात्सु ह्युगा यांच्या राजवाड्यातल्या औषधवालीची गोष्ट त्या संकेतस्थळावरून पुस्तकात गेली आणि २०१७ साली तिचे एकदम दोन मांगा सुरू झाले, दोन चित्रकार, दोन प्रकाशनं, तीच गोष्ट. आणि खूप मागे गेलं, तर लोडॉस बेटाची कथा मुळात पुस्तक नव्हतीच. मित्रांनी टेबलाभोवती बसून फासे टाकत खेळलेल्या खेळाचा वृत्तांत १९८६ साली मासिकात छापून आला, आणि त्यातून ऱ्यो मिझुनोंची कादंबरी झाली. म्हणजे भाचीचा पहिला प्रश्न, हे सिरीजवरून काढलंय का, काही बाळबोध नव्हता. इथे कोण कशावरून निघालं हे विचारूनच घ्यावं लागतं.

१८ जुलै २०१९ या दिवसाबद्दल लिहावं की नाही, हे मला ठरवता येत नव्हतं. त्या दिवशी क्योतो अ‍ॅनिमेशनच्या स्टुडिओला एका माणसानं आग लावली. ३६ जण गेले. ऑफिसात कुणीतरी बातमी वाचली आणि त्या शांत बाईनं, तीन दुकानांतून पुस्तकं आणणारीनं, डोकं टेबलावर ठेवलं. नंतर कळलं, की तो माणूस याच संस्थेच्या कादंबरी स्पर्धेत हस्तलिखित पाठवणारा होता आणि आपली कल्पना चोरली असं मनात धरून बसला होता. संस्थेनं ते साफ नाकारलं. त्याच स्पर्धेनं काही वर्षांपूर्वी काना आकात्सुकींची व्हायोलेट एव्हरगार्डन पुढे आणली होती. दुसऱ्यांसाठी पत्रं लिहून देणाऱ्या मुलीची ती गोष्ट, आणि पुस्तकात चित्रं काढणाऱ्या आकिको ताकासे यांनीच सिरीजमधली पात्रं रेखली होती. ती हलणारी केसांची बट, पाण्यावरचा उजेड, पत्राच्या कागदाची घडी, हे सगळं माणसं हातानं काढत होती. ‘मालिका’, ‘उत्पादन’, ‘विस्तार’ हे शब्द त्या दिवसानंतर मला सहज वापरता येत नाहीत.

मला वाटतं, हासेकुरांच्या पहिल्या खंडाच्या सुरुवातीलाच हे सगळं लिहून ठेवलेलं आहे. कापणीचा सण चालू असतो. शेवटची पेंढी जो कापेल त्याला सगळे होरो म्हणतात, होरोला पकडलं म्हणून आरोळ्या देतात, खाणंपिणं होतं. आणि खरी होरो चांदण्यात व्यापाऱ्याच्या गाडीत, कातड्यांमध्ये लपून झोपलेली असते. गावाला तिचं नाव हवं आहे, ती असल्याची गरज उरलेली नाही. ती रागावलेली कमी आणि एकटी जास्त आहे. मात्र तिचा जीव गव्हात असतो आणि लॉरेन्सच्या गाडीत गव्हाची थोडी ताटं आहेत, तेवढ्याच्या आधारानं ती निघू शकते. २००७ साली मला हा प्रसंग जुन्या देवतांबद्दलचा वाटला होता. आता पुस्तकांच्या दुकानात, फिगरच्या काचेच्या कपाटासमोर उभी असते तेव्हा तो वेगळा दिसतो. नाव चहूकडे आहे, आणि ती कुठल्यातरी पुस्तकात कातड्यांखाली झोपली आहे.

सतरावा खंड २०११ साली आला आणि गोष्ट संपली. मी तो गाडीत वाचला आणि स्टेशन चुकले. पाच वर्षांनी हासेकुरांनी तिला पुन्हा उघडलं, तेव्हा होरो आणि लॉरेन्स गरम पाण्याच्या झऱ्याकाठी सराई चालवत होते आणि त्यांच्या मुलीची वेगळी मालिका सुरू झाली होती. मग २०२४ साली सगळं अथपासून नव्यानं पडद्यावर आलं. पहिल्या सिरीजचे दिग्दर्शक ताकेओ ताकाहाशी पुन्हा होते, आणि आवाज तेच दोघे, फुकुयामा आणि कोशिमिझु. सोळा वर्षांनी. मी पहिला भाग रात्री एकटीनं बघितला. होरोचं वय बदललेलं नाही, तो आवाज मात्र सोळा वर्षं जगून आलेला होता, आणि मीही. मला रडू आलं आणि त्याचं मला काही वाटलं नाही. याच सिरीजमधून होरो माझ्या भाचीला पुण्यात भेटली, आणि म्हणूनच तिनं मला तो प्रश्न विचारला. ज्यानं माझा आवाज पुसला, त्यानंच त्याची कुणाला तरी उत्सुकता आणून दिली. याचा हिशेब मला मांडता येत नाही.

निघताना पुस्तक भाचीला देऊन आले. ती आता जपानी शिकते आहे, पाचव्या, म्हणजे सगळ्यात सोप्या पातळीची परीक्षा द्यायची आहे. तिला त्यातलं काही वाचता येणार नाही हे आम्हा दोघींनाही माहीत होतं. महिनाभर ते फिगरशेजारी उभं होतं, व्हिडिओ कॉलवर दिसायचं.

मागच्या रविवारी तिचा फोन आला, कॅमेरा पानावर रोखलेला. अवघड कांजींच्या बाजूला छापलेले उच्चार होतेच, साध्या कांजींच्या बाजूला तिनं पेन्सिलनं देवनागरीत लिहिले होते. पानावर माझ्या जुन्या पेन्सिलच्या खुणा होत्या आणि त्यांच्या मधून तिच्या. “मी वाचते, तू ऐक,” म्हणाली. ओळीवर बोट ठेवून ती वाचायला लागली. एकेक अक्षर सुटं. मधे थांबायची, मागे यायची, पुन्हा सुरू करायची. मागे बहीण कुणाला तरी दूध उतू जाईल म्हणून सांगत होती. होरोचं वाक्य आलं तेव्हा मी कोशिमिझुची वाट बघितली, पण त्या गतीला त्यांचा आवाज बसेना. वाक्य पुरं व्हायच्या आत तुटत होतं, आणि त्या तुटलेल्या जागांमध्ये अगदी वेगळं कुणीतरी श्वास घेत होतं.

“वा... च्ची,” भाची म्हणाली. “वाच्ची म्हणजे काय गं? चुकून छापलंय?”

“नाही. म्हणजे मी. जुन्या बोलीत.”

“कशी बोली?”

आणि मला ओटी आठवली. मालवणची, पावसाळ्यातली, गव्हाच्या नाही, भाताच्या पेंढ्याच्या वासाची. सुपारी कातरत बसलेली आजी, माझी फजिती होणार हे आधीच ओळखून गालात हसणारी, मला ‘खंय चललंस गो’ म्हणून अडवणारी. सर सांगत होते एदो काळ, कलावंतिणी, आणि मी मान डोलवत होते. पण रात्री खोलीवर येऊन पुस्तक उघडलं की ते वाच्ची मला ओटीवरून ऐकू यायचं.

“आजीसारखी,” मी म्हटलं. “म्हणजे तुझी पणजी. परत वाच बघू ते.”

तिनं बोट मागे नेलं आणि ओळ पुन्हा पहिल्यापासून सुरू केली.